‘आरटीए’ म्हणजे नेमकं कोण?

माझी एक मैत्रीण ऐरोलीच्या एका कंपनीत मेडिकल कोडर आहे. बी.एस्सी. झूलॉजीला आम्ही एकाच बाकावर बसायचो. नंतर मी पीएच.डी.च्या नादी लागले आणि तिने छोटा कोर्स करून नोकरी धरली. परिणाम असा की तिचा मीरा रोडला वन बीएचके झाला आणि माझा तिसरा चॅप्टर अजून गाइडच्या टेबलावरच आहे. असो.

तिचं काम थोडक्यात सांगते. अमेरिकेतल्या हॉस्पिटलमध्ये डॉक्टर पेशंटला तपासून नोट्स लिहितात आणि त्या नोट्स इकडे येतात. ही त्या वाचते आणि प्रत्येक आजाराला, जखमेला, उपचाराला ठरलेला कोड लावते. कोड बरोबर असला तर विमा कंपनी पैसे देते, चुकला तर क्लेम परत. कुठल्याही पेशंटबद्दल ती अवाक्षर काढत नाही, काढूही शकत नाही. पण मी विचारलं, “कार अपघाताची केस आली तर काय करतेस?” तेव्हा तिने माझ्या वहीच्या मागच्या पानावर एक मनानेच रचलेली केस लिहून दाखवली.

एस १३.४, म्हणजे मान लचकली. व्ही ४३.५२, म्हणजे जखमी माणूस कारचा चालक होता, टक्कर दुसऱ्या कारशी झाली आणि ती सार्वजनिक रस्त्यावर झाली. (समोरची गाडी एसयूव्ही असती तर ५२ ऐवजी ५१!) डब्ल्यू २२.११, चालकाच्या बाजूच्या एअरबॅगचा मार बसला. वाय ९२.४११, जागा इंटरस्टेट हायवे. आणि वाय ९३.सी२, त्या वेळी चालू असलेली कृती: हातातलं इलेक्ट्रॉनिक उपकरण वापरणे. म्हणजे साहेब मोबाइल बघत गाडी चालवत होते. कोडच्या शेवटी एक अक्षर येतं, त्यातला ‘ए’ सांगतो की या जखमेवरचा मुख्य उपचार सध्या चालू आहे.

एका लचकलेल्या मानेसाठी एवढं सगळं. प्रत्येक फाइलमध्ये हे भरलेलं असतं असं नाही बरं का. कारण सांगणारे हे कोड लावायची सक्ती तिकडेही देशभर नाही, काही राज्यांत आणि काही विमा कंपन्यांकडे आहे. पण लिहायची सोय आहे, आणि लिहिणारी माणसं मीरा रोडला राहतात.

हे सगळं मला आत्ता का आठवलं, तर आमच्या सोसायटीच्या वॉचमन काकांमुळे.

काका मूळचे चिपळूणकडचे. गेल्या पावसाळ्यात एका पहाटे ते काशीमीराजवळ हायवे ओलांडत होते. ड्यूटी संपवून पलीकडे राहणाऱ्या भावाकडे चालले होते. एका छोट्या टेम्पोने त्यांना उडवलं आणि तो थांबला नाही. एका रिक्षावाल्याने त्यांना उचलून हॉस्पिटलमध्ये पोचवलं आणि तो भला माणूस निघून गेला. काका बेशुद्ध होते. डोक्याला मार, मांडीचं हाड मोडलेलं. मुलगा तीन तासांनी पोचला. ऑपरेशन झालं, मधे दोन दिवस काका बोललेसुद्धा, मग इन्फेक्शन झालं आणि तेविसाव्या दिवशी ते गेले.

नंतर कागदपत्रांसाठी त्यांच्या मुलासोबत मी दोन-तीनदा गेले. “ताई, तुम्हाला इंग्लिश कळतं, तुम्ही वाचा,” म्हणाला. मी वाचलं. कॅज्युअल्टीच्या नोंदीत होतं: ‘ए/एच/ओ आरटीए’. म्हणजे ‘रस्ते अपघात झाल्याचं सांगितलं जातं’. पुढच्या सगळ्या कागदांवर, ऑपरेशनच्या नोटमध्ये, आयसीयूच्या चार्टवर, तीच तीन अक्षरं उतरत गेली: आरटीए, आरटीए, आरटीए. शेवटच्या कागदावर मृत्यूचं कारण होतं ‘पॉलिट्रॉमानंतरचा सेप्टिसीमिया’. तिथे तर आरटीएसुद्धा उरलं नव्हतं.

काका चालत होते, ही गोष्ट हॉस्पिटलच्या एकाही कागदावर नव्हती.

कोणी मुद्दाम लपवलं असं अजिबात नाही. पहाटे बेशुद्ध माणूस आला, आणणारा निघून गेला; ड्यूटीवरच्या डॉक्टरने जीव वाचवायचा की चौकशी करायची? पण तीन तासांनी मुलगा आला, काका नंतर शुद्धीवर आले, तरी पुन्हा कोणी विचारलं नाही आणि पहिल्या ओळीत कोणी भर घातली नाही. आणि माझ्या संशोधनाचा विषय नेमका हाच आहे. दुखापतीच्या नोंदीत काय लिहिलं जातं, काय गळतं, आणि गळालेल्या गोष्टीमुळे पुढची आकडेमोड कशी बिघडते. इतके दिवस तो विषय माझ्यासाठी एक्सेलच्या शीटमध्ये होता.

आता कोड म्हणजे काय ते नीट बघू, कारण त्याची रचना खरंच सुंदर आहे.

जगभर आजार आणि मृत्यूची कारणं मोजण्यासाठी जी पद्धत वापरतात तिला आयसीडी म्हणतात, म्हणजे रोगांचं आंतरराष्ट्रीय वर्गीकरण. हिची मुळं १८९३ सालची. झाक बर्तियों नावाच्या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाने तेव्हा मृत्यूच्या कारणांची यादी मांडली होती. १९४८ पासून ते काम जागतिक आरोग्य संघटनेकडे आहे. दहावी आवृत्ती १९९० मध्ये मंजूर झाली, अकरावी १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली. तरी रोजच्या वापरात तुम्हाला बहुतेक ठिकाणी दहावीच भेटेल. माझी मैत्रीण वापरते ती याच दहावीची अमेरिकेने वाढवलेली आवृत्ती, म्हणून तिचे कोड लांबलचक. यापुढे मी मूळ, आखूड कोडबद्दल बोलते.

अपघाताला या पद्धतीत दोन वेगळे कोड लागतात. पहिला ‘काय झालं’ याचा, एस किंवा टी अक्षराचा: एस ०६.५ म्हणजे डोक्याला मार लागून मेंदूच्या आवरणाखाली झालेला रक्तस्राव, एस ७२.३ म्हणजे मांडीच्या हाडाचं मधल्या भागातलं फ्रॅक्चर. दुसरा ‘कशामुळे झालं’ याचा. वाहतुकीच्या अपघातांसाठी त्याचं अक्षर व्ही.

हाडाच्या डॉक्टरांना पहिला कोड पुरतो. मांडीचं हाड टेम्पोने मोडलं काय किंवा झाडावरून पडून मोडलं काय, रॉड टाकायची पद्धत फारशी बदलत नाही. आपल्याकडच्या सरकारी आरोग्य योजनांची पॅकेजेससुद्धा मुख्यतः कोणता उपचार केला यावर ठरतात. पण तो माणूस पुन्हा तिथेच मोडू नये असं वाटत असेल, तर दुसरा कोड हवा.

व्ही कोड मला पाढ्यांच्या तक्त्यासारखा वाटतो. पहिला आकडा सांगतो जखमी माणूस कोण होता. शून्य म्हणजे पादचारी. एक सायकलवाला. दोन मोटरसायकल-स्कूटरवाला. तीन म्हणजे तीन चाकी, आपली रिक्षा. चार कार. पाच पिकअप किंवा व्हॅन, सहा ट्रक, सात बस. दुसरा आकडा सांगतो टक्कर कशाशी झाली: दोन-तीन चाकीशी, कारशी, ट्रक-बसशी, ट्रेनशी, की खांब-भिंतीसारख्या जागच्या वस्तूशी. उभी ओळ आणि आडवी ओळ जिथे मिळतात तिथे तुमचा अपघात. व्ही ०४ म्हणजे पादचारी आणि ट्रक किंवा बस. व्ही २४ म्हणजे बाइकवाला आणि ट्रक किंवा बस. व्ही ३३ म्हणजे रिक्षातला माणूस आणि कार, पिकअप किंवा व्हॅन. त्यानंतरचा दशांश आकडा सांगतो चालक की मागे बसलेला, रस्त्यावर की रस्त्याबाहेर.

हे ‘रस्त्याबाहेर’ प्रकरण मजेशीर आहे. सोसायटीच्या कंपाउंडमध्ये कोणी गाडी रिव्हर्स घेतली आणि खेळणाऱ्या पोराला लागली, तर तो पादचारीच. पण सार्वजनिक रस्ता नाही, म्हणून व्ही ०३.१ न होता व्ही ०३.० होईल. पादचारी कोणाला म्हणायचं याचेही नियम आहेत आणि ते बरेच उदार आहेत. भाजीची हातगाडी ढकलणारा पादचारी. व्हीलचेअरवरचे आजोबा पादचारी. घोडबंदर रोडला कार कडेला लावून टायर बदलायला उतरलेला माणूसही पादचारी, भले त्याची गाडी पन्नास लाखांची असो.

बाइकवाला खड्ड्यात आपटून पडला, कोणाशीच टक्कर नाही, तर व्ही २८. पण पडल्यावर मागून डंपर आला तर? मग व्ही २४. या दोन कोडमध्ये खड्डा कुठेच नाही, हे तुमच्या लक्षात आलंच असेल. आयसीडीचे कोड माणसाला काय लागलं आणि कोणाशी गाठ पडली तेवढंच विचारतात. रस्ता कसा होता हे पोलिसांच्या आणि पीडब्ल्यूडीच्या कागदांवर शोधावं लागतं.

(भाईंदरकरांसाठी जाता जाता: रूळ ओलांडताना लोकलची धडक बसली तर व्ही ०५, आणि चालत्या लोकलमधून बाहेर पडला तर व्ही ८१.६. दोन्ही कोड आपल्यासाठीच केलेत की काय असं वाटतं.)

तर काकांचा कोड हवा होता व्ही ०३.१: पादचारी, पिकअप किंवा व्हॅनची धडक, सार्वजनिक रस्ता.

आणि नुसतं ‘आरटीए’ लिहिलं तर कोणता लागतो? त्यालाही कोड आहे, व्ही ८९.२. आयसीडीच्या पुस्तकात त्याच्याखाली अक्षरशः लिहिलंय की रस्ते अपघात, आरटीए, अधिक माहिती नाही, तर इथे टाका. म्हणजे ही आमची तीन अक्षरं इतकी जगप्रसिद्ध आहेत की त्यांच्यासाठी स्वतंत्र खोली राखून ठेवली आहे. चालणारा, बाइकवाला, बसमधला, ट्रकचा ड्रायव्हर, सगळे त्या एकाच खोलीत. आणि ‘पॉलिट्रॉमा’ एवढंच लिहिलं, कारण लिहिलंच नाही, तर कोड एक्स ५९, ‘अनिर्दिष्ट घटक’. तिथे तर रस्ताही गेला. पडून, दबून, कशाकशाने मेलेले लोक तिथे एकत्र.

आमच्या क्षेत्रात अशा कोडना चक्क ‘गार्बेज कोड’ म्हणतात. कचरा. काकांच्या संदर्भात हा शब्द वापरताना मला बरं वाटत नाही, पण शब्द तोच आहे.

इथे मृत्यूच्या कारणाचा एक नियम सांगायला हवा, कारण गोंधळ तिथेच होतो. आयसीडीत ‘मूळ कारण’ म्हणजे ज्याने घटनांची साखळी सुरू झाली ते. मृत्यू दुखापतीमुळे असेल तर ती दुखापत करणारी परिस्थिती हेच मूळ कारण. काकांना शेवटी सेप्टिसीमियाने नेलं, सेप्टिसीमिया आयसीयूत झाला, आयसीयूत ते जखमांमुळे होते, जखमा टेम्पोमुळे. साखळीच्या टोकाला टेम्पो आहे, म्हणून देशाच्या मृत्यूच्या तक्त्यात काका व्ही ०३.१ खाली मोजले जायला हवेत. सेप्टिसीमियाखाली तर नाहीच, फ्रॅक्चरखालीही नाही. पेशंट जितके दिवस जास्त जगतो तितके साखळीत दुवे वाढतात आणि पहिला दुवा विसरला जाण्याची शक्यताही वाढते. जागच्या जागी गेलेला माणूस अपघाती म्हणून मोजला जातोच. तेविसाव्या दिवशी गेलेला निसटतो.

आपल्या फॉर्ममध्ये सोय नाही असं म्हणावं तर तसंही नाही. हॉस्पिटलमधल्या मृत्यूसाठी डॉक्टर जो फॉर्म ४ भरतात त्यात मृत्यूचा प्रकार विचारलेला असतो: नैसर्गिक, अपघात, आत्महत्या, खून वगैरे. आणि त्यातच एक प्रश्न आहे, ‘दुखापत कशी झाली?’ एक छोटी ओळ. ‘पायी हायवे ओलांडताना टेम्पोची धडक’ हे पाच शब्द तिथे आरामात मावतात. हा फॉर्म पुढे नोंदणी कार्यालयातून राज्याच्या जन्म-मृत्यू नोंदणी यंत्रणेकडे जातो, जिचं मुख्य कार्यालय पुण्यात आहे, आणि कोड त्या यंत्रणेतच लागतात. म्हणजे कोड लावणाऱ्याने पेशंट पाहिलेला नसतो, हॉस्पिटलही नाही. त्याच्यासमोर फक्त तो कागद. माझी मैत्रीण म्हणते तसं, “जे लिहिलं नाही ते झालंच नाही.” तिच्या धंद्यातलं हे पहिलं वाक्य आहे. नोट अपुरी असेल तर तिला निदान डॉक्टरांना परत प्रश्न पाठवता येतो. त्यासाठी वेगळी पद्धत आहे, कारण तिथे पैसे अडकलेले असतात. आपल्याकडे फॉर्म ४ च्या त्या ओळीत कोणाचेच पैसे अडकलेले नसतात.

शिवाय हा फॉर्म सगळ्यांचा भरला जातो असंही नाही. २०१९ मध्ये देशात नोंद झालेल्या मृत्यूंपैकी डॉक्टरांनी कारण प्रमाणित केलेले होते २०.७ टक्के. पाचातला एक. जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यात २०२३ साली बदल झाले, त्यात रुग्णालयांवरची जबाबदारी वाढवली आहे. फरक पडेल अशी आशा करू.

आता तुम्ही म्हणाल, पोलिसांकडे नोंद असतेच की. असते. काकांच्या एफआयआरमध्ये स्वच्छ मराठीत लिहिलं होतं, ‘पायी रस्ता ओलांडत असताना अज्ञात वाहनाने धडक दिली’. हॉस्पिटलच्या सगळ्या कागदांत नसलेली माहिती त्या एका ओळीत होती. हवालदारांनी जागेवर जाऊन चहाच्या टपरीवाल्याला विचारलं होतं. मला त्यांचं कौतुक वाटलं. पण ती ओळ वर जाताना काय होतं? मजकुराचा आकडा करावा लागतो, आणि तिथे पुन्हा तोच खेळ.

२०१७ चं उदाहरण घ्या, कारण त्या वर्षाचे दोन्ही बाजूंचे आकडे उपलब्ध आहेत. रस्ते वाहतूक मंत्रालयाच्या अहवालात, जो पोलिसांच्या नोंदींवर आधारलेला असतो, त्या वर्षी देशात रस्त्यावर १,४७,९१३ माणसं गेली. त्यातले पादचारी २०,४५७, म्हणजे जेमतेम १४ टक्के. त्याच वर्षासाठी ‘ग्लोबल बर्डन ऑफ डिसीज’ या प्रकल्पातल्या संशोधकांनी वेगवेगळ्या स्रोतांवरून काढलेला अंदाज २०२० मध्ये ‘लॅन्सेट पब्लिक हेल्थ’मध्ये आला: एकूण २,१८,८७६ आणि पादचारी ७६,७२९. म्हणजे ३५ टक्के.

एकूण आकड्यातला फरक मोठा आहेच. पण पादचाऱ्यांचा बघा. २० हजार आणि ७६ हजार. जवळजवळ चौपट.

हा अंदाज आहे, मोजणी नाही, हे मला मान्य आहे. गार्बेज कोडमधले मृत्यू गणिताने इतर कोडमध्ये वाटून टाकतात आणि त्या वाटपावर वाद घालता येतो. (मी घालते. थीसिसचा निम्मा भाग तोच आहे.) पण वेगळ्या वाटेने गेलेला दुसरा अभ्यासही त्याच गावाला पोचतो. प्रभात झा यांच्या ‘मिलियन डेथ स्टडी’त भारताच्या महानिबंधकांच्या कार्यालयाबरोबर मिळून ११ लाख घरांमध्ये जाऊन विचारलं गेलं: घरात कोणी वारलं का, कसं वारलं? घरच्यांनी सांगितलेली हकिगत डॉक्टरांनी वाचून आयसीडीचा कोड लावला. त्यावरून २००५ सालचा अंदाज निघाला रस्त्यावरच्या १,८३,६०० मृत्यूंचा, आणि त्यातले ६८,००० पादचारी. पुन्हा एक तृतीयांशाच्या वर. हॉस्पिटलचा कागद नाही, पोलिसांचा नाही, फक्त घरच्यांना विचारलं, आणि पादचारी सापडले. घरच्यांना माहीतच असतं ना, आपला माणूस चालत होता की बाइकवर होता.

आयआयटी दिल्लीचे दिनेश मोहन आणि त्यांचे सहकारी वर्षानुवर्षं हेच सांगत आले. मूळ एफआयआर काढून वाचले की त्यात पादचारी भरपूर सापडतात, पण छापलेल्या सरकारी तक्त्यात ते आटतात. मोहन सर २०२१ मध्ये करोनाने गेले. मंत्रालयाच्या २०२२ च्या अहवालात पादचाऱ्यांचा वाटा १९.५ टक्के झाला आहे, ३२,८२५ माणसं. पाच वर्षांत चालणारे एवढे जास्त मरायला लागले, की आता नीट मोजले जातायत? माझ्या मते बराचसा भाग मोजणीचा असावा, पण छातीठोकपणे सांगता येणार नाही, आणि सांगता येत नाही हेच तर दुखणं आहे. आकडा वाढला तरी आनंद मानायचा की दुःख ते कळत नाही.

याचा आपल्या हायवेशी काय संबंध? सरळ आहे. दहिसर टोलनाक्यापासून फाउंटन हॉटेलच्या नाक्यापर्यंत हायवेच्या दोन्ही बाजूंना माणसं राहतात, कामाला जातात, दूध आणायला जातात. मरणाऱ्यांत गाडीतले लोक जास्त असतील तर उपाय वेगळा: क्रॅश बॅरिअर, वेगमर्यादा, सीटबेल्टची तपासणी. चालणारे जास्त असतील तर ओलांडायला जागा, सिग्नल, दिवे, लोक खरंच वापरतील असा पूल. पैसा एकच असतो आणि तो तक्त्यातल्या मोठ्या आकड्याकडे वाहतो. व्ही ८९.२ ला कोणी पादचारी पूल बांधत नाही.

आपल्याकडे आणखी एक अडचण आहे. मीरा-भाईंदर ठाणे जिल्ह्यात, पण १ ऑक्टोबर २०२० पासून आपलं पोलीस आयुक्तालय वसई-विरारबरोबर एकत्र, आणि वसई-विरार पालघर जिल्ह्यात. त्याआधी आपण ठाणे ग्रामीणमध्ये होतो. त्यामुळे ‘गेल्या दहा वर्षांत आपल्या शहरात काय बदललं’ एवढा साधा प्रश्न विचारला तरी पहिले दोन महिने हद्दी जुळवण्यात जातात. अनुभवाने सांगते.

याच हायवेवरचा, सगळ्यांना आठवत असलेला एक अपघात बघू. ४ सप्टेंबर २०२२, रविवार. आपल्या काशीमीरावरून जातो तोच राष्ट्रीय महामार्ग ४८, पुढे पालघर जिल्ह्यात चारोटीजवळ सूर्या नदीवरचा पूल. सायरस मिस्त्री ज्या गाडीत होते ती पुलाच्या कठड्यावर आदळली. गाडीत चौघं. मागे बसलेले मिस्त्री आणि जहांगीर पंडोल गेले. पुढचे दोघं, चालक अनाहिता पंडोल आणि त्यांचे पती, गंभीर जखमी झाले पण वाचले. मागच्या दोघांनी सीटबेल्ट लावले नव्हते असं पोलिसांनी तेव्हाच सांगितलं.

याला आयसीडीचा कोड लावायचा झाला तर? कार आणि जागची वस्तू, म्हणजे व्ही ४७. चालकाला व्ही ४७.५, प्रवाशांना व्ही ४७.६. झालं. आता बघा, पुढे चालकाशेजारी बसून वाचलेले आणि मागे बसून गेलेले, तिघांनाही कोड एकच. पुढची सीट, मागची सीट, बेल्ट होता, नव्हता, यातलं काहीच दहाव्या आवृत्तीच्या या कोडमध्ये मावत नाही. आणि नंतर देशभर चर्चा झाली ती नेमकी मागच्या सीटबेल्टचीच. मुंबई वाहतूक पोलिसांनी १ नोव्हेंबर २०२२ पासून कारमधल्या सगळ्यांना बेल्ट सक्तीचा करायचं जाहीर केलं. एक प्रसिद्ध माणूस गेला म्हणून तो तपशील आपल्याला पेपरमधून कळला. म्हणजे कोड शंभर टक्के बरोबर लावला तरी काही गोष्टी निसटतातच, हे मी प्रामाणिकपणे सांगायला हवं. आयसीडी-११ मध्ये मूळ कोडला तपशिलाचे जोडकोड लावता येतात, गाडीचे डबे जोडावेत तसे. छान आहे. फक्त डबे जोडणाऱ्याला आधी इंजिन मिळालं पाहिजे.

प्रयत्न चालू आहेत. ‘आयरॅड’ नावाची अपघात नोंदणीची प्रणाली केंद्र सरकारने आयआयटी मद्रास आणि एनआयसीकडून करून घेतली आणि ती सुरुवातीला ज्या सहा राज्यांत आणली त्यात महाराष्ट्र होता. तिची कल्पना मला मनापासून आवडते. पोलिसांनी जागेवर मोबाइलमध्ये अपघात भरायचा आणि त्याच नोंदीला परिवहन विभाग, रस्त्याचे इंजिनिअर आणि हॉस्पिटल यांनी आपापली माहिती जोडायची. म्हणजे हवालदारांची ‘पायी ओलांडताना’ ही ओळ आणि हॉस्पिटलचं ‘मांडीचं फ्रॅक्चर’ एकाच माणसाखाली यायला हवं. मे २०२५ मध्ये अपघातग्रस्तांसाठी सात दिवसांपर्यंत दीड लाख रुपयांच्या कॅशलेस उपचारांची केंद्राची योजनाही अधिसूचित झाली. तिचा मुख्य हेतू उपचारांचा आहे, पण माझ्यासारखीला वेगळाच लोभ सुटतो: जिथे पैसे येतात तिथे कागद नीट भरले जातात, हे ऐरोलीत शिकायला मिळालंय.

तोपर्यंत एक साधी गोष्ट आपल्या हातात आहे. देव करो आणि वेळ न येवो, पण कधी अपघातातल्या कोणाला घेऊन कॅज्युअल्टीत गेलात तर डॉक्टरांना तीन गोष्टी सांगा: हा चालत होता की कशावर होता, चालवत होता की मागे होता, आणि कशाने धडक दिली. त्या क्षणी माहीत नसेल तर नातेवाइकांनी दुसऱ्या दिवशी सांगावं आणि लिहून घ्यायला लावावं. ही एमएलसी केस असते, पोलिसांत जाते, पुढे नुकसानभरपाईच्या दाव्यात हॉस्पिटलची हीच पहिली नोंद वाचली जाते, त्यामुळे घरच्यांच्याही फायद्याचं आहे. आणि हे वाचणारे कोणी इंटर्न किंवा रेसिडेंट असतील तर त्यांना हात जोडून विनंती, ‘आरटीए’नंतर एक स्वल्पविराम द्या आणि चार शब्द लिहा. छत्तीस तासांच्या ड्यूटीत चार शब्दही जास्त असतात, मला कल्पना आहे.

काकांच्या मुलाला सगळे कागद मिळाले, त्यानंतर एका रविवारी मैत्रिणीकडे गेले होते. तिला सगळं सांगितलं. ती म्हणाली, “थांब, मी लावते.” सवयीने तिने तिचे लांब, अमेरिकन कोडच लावले. आधी डोकं, मग मांडी, मग इन्फेक्शन. मग व्ही ०३.१०, पायी चालणारा पादचारी, कार, पिकअप किंवा व्हॅन, सार्वजनिक रस्ता. मग पेन तसंच धरून म्हणाली, “अगं, पळत ओलांडत होते का चालत? त्याला वेगळा कोड आहे.”

मी म्हटलं, गुडघे दुखायचे त्यांचे, पळणार कसले. चालतच.

तिने लिहिलं, वाय ९३.०१.